पावलं पुसणारं दाताळं

मित्रांनो, मी एक जुनं लाकडी दाताळं आहे. माझे दोन दात पडलेले आहेत. हे आधीच सांगून टाकतो, कारण लोकांची नजर पहिली तिथेच जाते आणि मग माझ्या बोलण्याकडे कुणाचं लक्ष राहत नाही. बारापैकी दहा दात शाबूत आहेत आणि दांडा अजून सरळ आहे. या वयात एवढं पुष्कळ झालं.

माझा जन्म लाटव्हियातल्या विद्जेमे भागातला. आगुस्ट्स नावाच्या शेतकऱ्याने एका हिवाळ्यात चुलीजवळ बसून मला घडवलं. आडव्या पट्टीला अ‍ॅशचं लाकूड, दांड्याला स्प्रूसचं आणि दातांसाठी अंगणातल्या लिलाकच्या वाळलेल्या फांद्या. एकेक दात त्याने चाकूने तासला, फुंकर मारून भुसा उडवला आणि ठोकून बसवला. एकही खिळा नाही हं माझ्या अंगात! आजकालची ती बाजारातली लोखंडी दाताळी बघा, एकदा वाकडी झाली की गेली भंगारात. असो. आपण कुणाला नावं ठेवू नयेत.

पहिली काही वर्षं मी गवत गोळा केलं. आगुस्ट्सच्या गाईला हिवाळाभर पुरेल एवढा चारा मी एकट्याने ओढला आहे. त्यातच एकदा जमिनीतल्या कसल्याशा गंजक्या लोखंडावर आपटून माझा एक दात मोडला. मग आगुस्ट्स वारला, गाय विकली गेली, आणि त्याच्या मुलीने, ओतिलियाने, मला टेकडीवरच्या दफनभूमीत नेलं. तिथे माझं खरं काम सुरू झालं.

ते काम दिसायला साधं आहे. आमच्याकडे कबरीभोवती पांढरी वाळू पसरतात आणि दाताळं ओढून तिच्यावर सरळ रेघा उठवतात. फुलांना पाणी घालायचं, बाकावर घटकाभर बसायचं आणि निघताना उलट चालायचं. एक पाऊल मागे, एक ओढ. पुन्हा एक पाऊल मागे, पुन्हा ओढ. असं थेट कबरीच्या कुंपणाच्या फाटकापर्यंत. आपलं एकही पाऊल वाळूत राहता कामा नये. पावलं तशीच टाकून घरी जाणारा माणूस म्हणजे जेवून ताट न उचलणारा माणूस. ओतिलियाने साठ वर्षांत एकदाही पाऊल मागे ठेवलं नाही, आणि त्यातली बहुतेक वर्षं तिच्या हातात मी होतो. हे मी छाती पुढे काढून सांगतो.

मोडक्या दातामुळे माझ्या रेघांमध्ये एका जागी फट पडायची. ती बघून गावातले लोक म्हणायचे, "ओतिलिया येऊन गेली वाटतं."

आता मी ज्या मुलीची गोष्ट सांगायला बसलो आहे, तिच्याकडे येतो. ओतिलियाला एक भाऊ होता. तो आणि त्याची बायको कामासाठी आयर्लंडला गेले, मशरूमच्या शेडमध्ये. त्यांची सात वर्षांची मुलगी लाउमा आत्याकडे राहिली. दोन शेंड्या, गुडघ्याला कायम खरचटलेलं आणि पाय वयाच्या मानाने हे एवढे मोठे!

आल्या आल्या पहिल्याच उन्हाळ्यात तिने सगळ्या टेकडीची झोप उडवली. आत्या नळावर पाणी आणायला गेली होती. लाउमाने काय करावं? नुकत्याच ओढलेल्या वाळूवरून ती लंगडी घालत कबरीपर्यंत गेली आणि तिथून उडी मारून थेट बाकावर चढली. शेजारच्या कबरीवर काम करणारी झेल्मा सहज वळली आणि तिच्या हातातली झारी खाली पडली.

"अगं ओतिलिया, धाव गं! इथे कुणीतरी एका पायाचं येऊन गेलंय. गेलंय ते गेलंय, आणि परत आलेलंच नाही!"

आत्या धावत आली. दोघी बायका त्या पावलांकडे टकामका बघत राहिल्या. आणि बाकावर बसलेली ती पोर त्यांच्याकडे बघत होती. पावलांकडे नाही हं, त्यांच्या तोंडांकडे. मित्रांनो, लाउमाचा पहिला चित्रपट तोच, असं मी मानतो. प्रेक्षक दोन, आणि दोघीही घाबरलेल्या. आत्याने तिचा कान पिळला ती गोष्ट वेगळी.

नऊ वर्षांची असताना तिने आईबापांनी पाठवलेला छोटा टेपरेकॉर्डर माझ्या डोक्याला सुतळीने बांधला आणि मला विजेच्या खांबाजवळ उंच धरलं. खांबावर करकोच्यांचं घरटं होतं. पिल्लांचा आवाज तिला आयर्लंडला पाठवायचा होता. आवाज छान मिळाला, पण तिचे हात भरून आले आणि मी तोंडावर आपटलो. पहिल्या मोडक्या दाताच्या शेजारचा दात तेव्हा गेला. लाउमा रडली. मला मात्र त्या दाताचं कधी वाईट वाटलं नाही. तो सत्कारणी लागला. तेव्हापासून माझ्या रेघांमधली फट चांगली रुंद झाली.

मग ती मोठी झाली आणि चित्रपट शिकायला रिगाला गेली. आत्याला ते पटलं नव्हतं. दर उन्हाळ्यात कबरींचा सण असतो. बँड वाजतो, पाद्रीबुवा बोलतात, सगळं गाव नवे कपडे घालून टेकडीवर येतं आणि एकमेकांच्या पोराबाळांची चौकशी करतं. झेल्मा दरवर्षी न चुकता विचारायची, "लाउमा काय करते गं हल्ली?"

"शिकतेय," आत्या म्हणायची.

पुढच्या वर्षी पुन्हा तेच. "काय करते लाउमा?"

"शिकतेय."

सहाव्या वर्षी झेल्मा म्हणाली, "अजून? बाई गं, एवढ्या वेळात माझा नातू डॉक्टर झाला असता!"

"शिकतेय म्हटलं ना!" आत्या म्हणाली आणि मला एवढ्या जोरात ओढलं की वाळूखालची काळी माती वर आली. भाची चित्रपट बनवते, हे तिच्या तोंडून निघतच नव्हतं. दाखवायला चित्रपटच नव्हता, तर सांगणार काय?

खरी गोष्ट अशी होती की लाउमाची दोन वर्षं वाया गेली होती. तिने बनवलेलं काहीच चित्रपटाच्या शाळेतल्या गुरुजींना पसंत पडत नव्हतं. तिने ते कबरीपुढच्या बाकावर बसून आत्याला सांगितलं, मी ऐकलं आहे. "ते म्हणतात, तुझ्या फिल्ममध्ये धुकं छान आहे, झाडं छान आहेत. माणूस कुठे आहे?"

"मग जा ना आयर्लंडला," आत्या म्हणाली. "आई केव्हाची बोलावतेय. शेडमध्ये जागा आहे. हातात काम असलं म्हणजे माणसाला रात्री झोप लागते."

लाउमा बराच वेळ बुटाच्या टोकाने वाळू उकरत बसली. मग म्हणाली, "एक शेवटची फिल्म करू दे. पदवीची. ती झाली नाही, तर शरद ऋतूत आयर्लंडला जाईन. कुरकुर न करता जाईन."

"शब्द?"

"शब्द."

तर मित्रांनो, ऑगस्टमध्ये लाउमा मंडळी घेऊन गावात आली. मंडळी म्हणजे किती? कॅमेरा चालवणारा मिकुस, आणि काम करणारी मुलगी व्हिनेता. बास. आवाज टिपायचं काम लाउमा स्वतःच करणार होती. कॅमेरा शाळेकडून मागून आणलेला, फीत भरून चालणारा, जुन्या तऱ्हेचा. चित्रीकरण संपलं की लगेच दुसऱ्या दिवशी सकाळी तो परत करायचा होता. गोष्ट अशी की एक मुलगी परदेशातून आईच्या दफनाला येते, पण उशिरा पोचते. सगळे पांगलेले असतात. ओढून ठेवलेल्या वाळूवरून ती एकटी कबरीपर्यंत चालत जाते. शेवटी पडद्यावर फक्त तिची पावलं दिसतात, जाणारी.

शेवटच्या दिवशी आगुस्ट्सच्याच कबरीपुढे चित्रीकरण होतं. सकाळी मिकुसने बादल्या भरभरून ताजी वाळू आणली. लाउमाने ती माझ्याकडून ओढून घेतली, मनासारखी होईपर्यंत तीनदा. व्हिनेता बूट घालून फाटकापासून कबरीपर्यंत चालली. तेवढं नीट झालं आणि ती दुपारच्या बसने रिगाला गेली, कारण संध्याकाळी तिचं नाटक होतं. आता नुसत्या पावलांचं दृश्य राहिलं होतं. पण दुपारचं ऊन डोक्यावर होतं आणि पावलं सपाट दिसत होती. लाउमा म्हणाली, "सातला ऊन तिरपं होईल, पावलांत सावली भरेल. तेव्हा घेऊ." फीत चारच मिनिटांची उरली होती. मला कबरीशेजारच्या बर्चच्या झाडाला टेकवून दोघं घरी जेवायला गेली. आत्याने बीटाचं थंड सार आणि शेपू घातलेले बटाटे करून ठेवले होते.

जेवणं उरकून, ऊन जरा उतरल्यावर आत्या फुलांना पाणी घालायला टेकडीवर आली. फाटकाशीच थबकली. आपल्या बापाच्या कबरीपुढे, नव्याकोऱ्या वाळूत, ढळढळीत पावलं!

"श्श्या! काय ही आजकालची पोरं!" ती पुटपुटली आणि तिने मला उचललं.

मित्रांनो, मला बोलता आलं असतं तर मी ओरडलो असतो. पण दाताळ्याला कोण विचारतो? तिने ओढलं, मी ओढला गेलो. पावणेसातला लाउमा आणि मिकुस परत आले, तेव्हा वाळू आरशासारखी साफ होती आणि मधोमध माझी रुंद फट दिसत होती. आत्या एका हातात मला आणि दुसऱ्या हातात झारी घेऊन उभी होती.

"कुणी केलं हे?" लाउमाचा आवाज चिरकला. फट दिसत होती, तरी तिने विचारलं.

"मी," आत्या म्हणाली. "अगं, पावलं तशीच टाकून गेलात की! लोक काय म्हणतील?"

"आत्या, ती पावलंच हवी होती मला! त्यासाठीच तर सगळा खटाटोप केला!"

आत्याने झारी खाली ठेवली. मिकुस म्हणाला, "थांब, आपण पुन्हा उठवू. माझे बूट..." त्याने आपल्या बुटांकडे बघितलं. त्याचा पाय शेहेचाळीस नंबरचा. लाउमाचा बेचाळीस. व्हिनेताचा सदतीस, आणि व्हिनेता बुटांसकट रिगाला पोचली होती.

लाउमा बाकावर बसली आणि एकदम फुटली. "तुला हेच हवं होतं ना? मी जावं आयर्लंडला, हेच ना? झालं मग! जाते!"

मी त्या वेळी आत्याच्या हातात होतो, म्हणून मला माहीत आहे. तिला खरोखरच तसं काही नको होतं. हाताने सवयीने केलं, डोक्याला विचारलंसुद्धा नाही. पण हे पटवणार कसं? तिने मला बर्चला टेकवलं, पदराने हात पुसावा तसे एप्रनला हात पुसले आणि विचारलं, "किती नंबरचा आहे त्या मुलीचा पाय?"

"सदतीस," मिकुस म्हणाला.

"माझाही सदतीस. ऊठ गं. रडतेस काय? सांग कुठून कुठे चालायचं ते."

"आत्या, तुझ्या पायात रबरी बूट आहेत."

"मग? त्या परदेशातल्या पोरीला रबरी बूट घालता येत नाहीत वाटतं?"

मिकुसला हसू आलं, पण त्याने आकाशाकडे बघितलं आणि घाई केली. "लांबून काही कळणार नाही, लाउमा. ऊन चाललंय. आत्या, फाटकातून कबरीपर्यंत चाला, आणि तिथून बाजूला गवतावर उतरून कुंपणाच्या मागे जा. वाळूतून परत येऊ नका हं."

"कळलं रे बाबा, मी काय कुक्कुलं बाळ आहे?"

लाउमाने डोळे पुसले आणि कानाला आवाज टिपायचं यंत्र लावलं. मिकुसने कॅमेरा सुरू केला. थांबायला वेळच नव्हता. आत्या चालली. बारा पावलं, अगदी जपून, पाटावर बसायला निघालेल्या नवरीसारखी. कबरीशी पोचली. वाकून तिने बापाच्या नावावर पडलेलं एक पान उचललं. 

आणि मग, मित्रांनो, तिने वळून मला उचललं!

काय सांगू! कबरीवरून निघायचं म्हणजे दाताळं घ्यायचं, एवढंच त्या हातांना माहीत होतं. कॅमेरा, फिल्म, आयर्लंड, सगळं ती विसरली. एक पाऊल मागे, एक ओढ. आत्ताच स्वतः उठवलेली पावलं ती एकेक करून पुसत निघाली. मिकुसने तोंड उघडलं, त्याचा हात बटणाकडे गेला. लाउमाने त्याचं मनगट घट्ट धरलं.

"बंद करू नकोस," ती ओठातल्या ओठात म्हणाली. "चालू ठेव. काही झालं तरी चालू ठेव."

ऊन तिरपं झालं होतं. माझ्या प्रत्येक दाताच्या रेघेत सावली भरली होती, आणि मधोमध ती रुंद, कोरी फट. आत्याच्या पाठीवर पाइनच्या झाडांचे पट्टे पडले होते. खर्र, खर्र, माझ्या आवाजाखेरीज टेकडीवर आवाज नव्हता. आयुष्यात मी हजारो वेळा ती वाळू ओढली असेल, पण त्या दिवशी कुणीतरी मला ऐकत होतं. आत्या फाटकाबाहेर गेली, तिने कडी लावली, आणि त्याच वेळी कॅमेऱ्यातली फीत संपली.

मग आत्याने मान वर केली. साफ वाळू बघितली. तिच्या तोंडाचा आ वासला.

"अगं बाई! परत पुसलं की गं मी!"

लाउमा धावत आली आणि आत्याच्या गळ्यात पडली. धावताना तिने बेचाळीस नंबरच्या पावलांनी सगळी वाळू तुडवली. ती हसत होती की रडत होती, मला सांगता येणार नाही. मी दोघींच्या मध्ये चेपलो गेलो होतो.

तर असा तो चित्रपट झाला. आत्याचं चालत जाणं लाउमाने कापलं, पुसणं ठेवलं. उशिरा आलेली मुलगी, आणि तिच्यामागून तिची पावलं पुसत जाणारी एक म्हातारी. लाउमाने लिहिलेल्या गोष्टीत ती म्हातारी नव्हतीच. गुरुजींनी चित्रपट बघितला आणि म्हणे शेवट पुन्हा एकदा लावायला सांगितला. मग म्हणाले, "सापडला माणूस." लाउमाला पदवी मिळाली. हिवाळ्यात गावच्या सभागृहात खेळ झाला. लाउमाने मला तिथे नेलं आणि भिंतीशी, सगळ्यांना दिसेन असं उभं केलं. पडद्यावर वाळूतली फट दिसताच झेल्मा खुर्चीवरून अर्धी उठून ओरडली, "हे तर ओतिलियाचं दाताळं!" सगळं सभागृह माझ्याकडे वळलं. दोन दात नसल्याचा एवढा अभिमान मला पूर्वी कधी वाटला नव्हता. पुढे तो चित्रपट परदेशांतल्या महोत्सवांत गेला. जिथे वाळू कुणी ओढत नाही, तिथले लोकही म्हणे तो बघून रडले. एका ठिकाणी बक्षीसही मिळालं.

आणि मग लाउमा आयर्लंडला गेली. हो, गेली! पण कॅमेरा घेऊन. मशरूमच्या शेडमध्ये पहाटे चारला उठणाऱ्या बायकांवर तिने मोठा चित्रपट बनवायला घेतला. त्यात तिची आईसुद्धा आहे.

इथून पुढे माझे दिवस फिरले. आत्याचे गुडघे दुखायला लागले, म्हणून कुणीतरी तिला लोखंडी, हलकं दाताळं आणून दिलं. मी घरामागच्या शेडमध्ये गेलो. दोन उन्हाळे तिथेच होतो, कोंबड्यांच्या जाळीखाली. दांड्याला कीड लागली, पट्टीला बुरशी आली. टेकडीवर बँड वाजला की मला ऐकू यायचा. वाईट वाटायचं, खोटं कशाला बोलू?

या वर्षी सणाच्या आदल्या दिवशी शेडचं दार उघडलं. लाउमा होती. "आत्या, हे इथे काय करतंय?" एवढंच ती म्हणाली. दुपारभर अंगणात बसून तिने माझी कीड खरवडली आणि मला जवसाचं तेल चोळलं. झेल्माचा नवरा कुंपणापाशी आला आणि म्हणाला, "दे, दोन दात बसवून देतो, अर्ध्या तासाचं काम."

"काही नको," आत्या घरातूनच म्हणाली. "मग वाळू कुणाची ते कसं कळेल?"

लाउमाला दुसऱ्या दिवशी पहाटेच्या बसने जायचं होतं, विमान होतं, काम होतं. सणाला थांबता आलं नाही. सकाळी आत्या मला खांद्यावर टाकून झेल्माबरोबर टेकडीवर आली. कबरीवर रानफुलांचा ताजा गुच्छ होता. आणि फाटकापासून कबरीपर्यंत, तिथून परत फाटकापर्यंत, घाईघाईची, खोल, बेचाळीस नंबरची पावलं!

"कोण गं हे बेशिस्त?" झेल्मा म्हणाली. "सणाच्या दिवशी! ओढ लवकर, लोक येतील आता."

आत्याने मला खांद्यावरून उतरवलं. माझे दात शिवशिवत होते. दोन वर्षांनी वाळू! तिने मला पुढे धरलं, वाळूला टेकवलं. आणि तशीच उभी राहिली. खाली बँडवाले चढ चढत होते, त्यांच्यामागे सगळं गाव होतं.

मग तिने मला उचलून बर्चला टेकवून ठेवलं.

"राहू दे," ती म्हणाली. "माझी भाची येऊन गेली. चित्रपट बनवते ती."

त्या दिवशी मी काडीचंही काम केलं नाही, आणि एवढा ताठ मी कधी उभा राहिलो नव्हतो. लोक येत होते, पावलं बघत होते, आणि आत्या प्रत्येकाला तेच वाक्य ऐकवत होती. ती पावलं आम्ही पाऊस येईपर्यंत ठेवली.

मित्रांनो, तुमच्या घरी माझ्यासारखं कुणी कोपऱ्यात पडलं असेल, तर त्याला वर्षातून एकदा तेलाचा हात लावा. दात पडले म्हणून फेकून देऊ नका. आणि कुणी घाईत येऊन गेलं आणि त्याची पावलं दारात उमटलेली दिसली, तर लगेच पुसायला धावू नका. हे मी सांगतो आहे, ज्याचा सारा जन्म पावलं पुसण्यात गेला.